डब्ल्यू. झेड. अहमद यांची कारकीर्द लाहोरला का थांबली?

रीळवाचक

जुन्या उर्दू चित्रपटांच्या इतिहासात डब्ल्यू. झेड. अहमद हे नाव वारंवार भेटते, परंतु त्यांच्या कारकिर्दीचा आलेख मला अजून नीट उलगडलेला नाही. वहीदुद्दीन झियाउद्दीन अहमद यांचा जन्म १९१५ साली गुजरातेत गोध्रा येथे झाला. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात त्यांनी पुण्यात शालिमार पिक्चर्स ही संस्था चालवली आणि 'एक रात' (१९४२), 'प्रेम संगीत' (१९४३), 'मन की जीत' (१९४४) व 'मीराबाई' (१९४७) हे चित्रपट दिग्दर्शित केले. यांतल्या नायिकेला, म्हणजे त्यांच्या पत्नी नीना यांना, त्यांनी जाहिरातींतून 'रहस्यमयी नीना' म्हणून गाजवले होते. ही प्रसिद्धी इतकी सर्वदूर झाली की उर्दू कथाकार सआदत हसन मंटो यांना नीनावर एक स्वतंत्र व्यक्तिचित्र लिहावेसे वाटले.

फाळणीनंतर अहमद लाहोरला गेले आणि २००७ साली तेथेच त्यांचे निधन झाले. म्हणजे पुण्यात पाच-सहा वर्षे आणि लाहोरात सुमारे साठ वर्षे, असा हिशेब होतो. तरीही पाकिस्तानात दिग्दर्शक म्हणून त्यांच्या नावावर 'रूही' (१९५४) आणि 'वादा' (१९५७) हे दोनच चित्रपट आहेत. एरवी 'फाळणीने माणसाचा घास घेतला' असे म्हणून विषय मिटवता आला असता, पण दिग्दर्शक शौकत हुसेन रिझवी आणि त्यांच्या पत्नी, गायिका-अभिनेत्री नूरजहाँ यांनीही मुंबई सोडली आणि लाहोरला शाहनूर स्टुडिओ उभा केला. सिब्तैन फझली यांचा 'दोपट्टा' (१९५२) तर सीमेच्या दोन्ही बाजूंना चालला. मग अहमद यांच्याच बाबतीत असे का घडले? दोष लाहोरच्या बाजारपेठेचा होता, सेन्सॉरचा होता, की त्यांच्या काम करण्याच्या पद्धतीचा? जाणकारांनी कृपया प्रकाश टाकावा.

मुळाकाठ

तुमच्या तीन पर्यायांपैकी मी तिसरा निवडेन, मात्र त्याला दोष म्हणणार नाही. अहमद हे मुळात चित्रपटासाठी साहित्यिकांचा गोतावळा जमवणारे गृहस्थ होते आणि दिग्दर्शन हे त्या जमवाजमवीचे शेवटचे टोक होते. पुण्यात शालिमारच्या पगारपत्रकावर कोण होते ते पाहावे. जोश मलीहाबादी तेथे गीते लिहीत होते. कृष्ण चंदर लखनौ रेडिओवरची नोकरी सोडून अहमद यांच्या बोलावण्यावरून पुण्याला आले होते. अख्तर-उल-इमान संवादलेखनासाठी आले होते आणि राजस्थानातून आलेले भरत व्यासही तेथेच होते. उर्दूतला त्या काळचा सर्वांत दरारा असलेला कवी, गाजता कथाकार आणि पुढे आधुनिक उर्दू कवितेत मानाचे स्थान मिळवणारा एक तरुण हे तिघे एकाच संस्थेत महिन्याच्या पगारावर असावेत आणि ती संस्था लखनौत, दिल्लीत किंवा लाहोरात नसून पुण्यात असावी, ही गोष्ट आपल्याकडे फारशी कोणाच्या लक्षात राहिलेली नाही. पुण्याचा चित्रपट म्हटला की आपण प्रभातची तुतारी ऐकतो आणि तेथेच थांबतो.

पुणेच का, याचे कारण व्यावहारिक असावे असे मला वाटते. प्रभात १९३३ साली कोल्हापूरहून पुण्यास आल्यापासून या शहरात सेट उभारणारे सुतार, रंगारी, प्रकाशयोजनेची माणसे, ध्वनिमुद्रणाचे जाणकार असा सगळा कसबी वर्ग तयार झालेला होता. शिवाय १९४२ मध्ये शांतारामबापू प्रभात सोडून मुंबईला गेले. अशा गावात लेखकांना शांतपणे बसवून काम करून घेता येत होते आणि मुंबईही हाकेच्या अंतरावर होती.

आता याच मंडळींचे १९४७ नंतर काय झाले ते पाहिले की तुमच्या प्रश्नाचे उत्तर बरेचसे मिळते. जोश दिल्लीत 'आजकल' या सरकारी मासिकाचे संपादक झाले आणि पाकिस्तानात गेले ते १९५० च्या दशकाच्या मध्यावर. कृष्ण चंदर मुंबईत राहिले. अख्तर-उल-इमान हेही मुंबईत स्थिरावले आणि पुढे 'कानून' व 'वक्त' यांचे संवाद त्यांनी लिहिले. भरत व्यास शांतारामबापूंच्या 'दो आँखें बारह हाथ' आणि 'नवरंग'चे गीतकार म्हणून घराघरांत पोहोचले. 'मन की जीत'चा नायक श्याम हाही मुंबईतच राहिला आणि १९५१ साली चित्रीकरणाच्या वेळी घोड्यावरून पडून गेला. 'एक रात'मधले पृथ्वीराज कपूर आणि 'प्रेम संगीत'मधले जयराज हे इकडचेच. रिझवी लाहोरला गेले तेव्हा त्यांच्यासोबत नूरजहाँ होत्या, म्हणजे त्यांची सगळी पुंजी बरोबर होती. अहमद यांची पुंजी मात्र या आठ-दहा माणसांत विखुरलेली होती आणि त्यांतले जवळजवळ सगळेच भारतात राहिले. नीना सोबत होत्या हे खरे, पण लाहोरमध्ये त्यांच्या अभिनयाची नवी कारकीर्द काही उभी राहिली नाही.

गिरणगाव

मुळाकाठ यांच्या प्रतिसादाला एक छोटी पुरवणी जोडतो. त्या काळात चित्रपट काढणे म्हणजे सर्वप्रथम कच्ची, म्हणजे चित्रीकरणासाठीची कोरी, फिल्म मिळवणे होते. १९४३ साली सरकारने कच्च्या फिल्मचे वाटप नियंत्रणाखाली आणले आणि चित्रपटाची लांबी ११,००० फुटांवर, म्हणजे साधारण दोन तासांवर, मर्यादित केली. त्याआधीचे बोलपट याहून बरेच लांब असत. अशा टंचाईच्या दिवसांत दरवर्षी एक चित्रपट पुरा करणारा निर्माता परवाने, भांडवल आणि वेळापत्रक या तिन्ही बाबतींत पक्का असला पाहिजे. त्यामुळे अहमद हे केवळ साहित्याच्या नादी लागलेले अव्यवहारी गृहस्थ होते, असे चित्र कोणी मनाशी रंगवू नये.

चिनार

मुळाकाठ यांचे विवेचन आवडले, तरी त्यात राजकारणाला जागा मिळालेली नाही, आणि मला वाटते की मुख्य कारण तेच आहे. शालिमारच्या लेखकांची जी नावे वर आली आहेत त्यांतली बहुतेक डाव्या विचारांच्या प्रगतिशील लेखक चळवळीच्या आतली किंवा तिच्या काठावरची आहेत. अहमद यांची निवड अपघाताने झालेली नव्हती. 'मन की जीत' ही टॉमस हार्डी यांच्या टेस या नायिकेच्या कादंबरीवरून बेतलेली होती. गरीब घरातली मुलगी, तिला फसवणारा श्रीमंत तरुण आणि दोष मात्र तिच्याच माथी मारणारा समाज, हे कथानक १९४४ साली हिंदुस्तानी प्रेक्षकासमोर ठेवण्यात एक भूमिका होती.

याच चित्रपटातले 'नगरी मेरी कब तक यूँ ही बरबाद रहेगी' हे जोश यांचे गीत पाहावे. संगीत एस. के. पाल यांचे आणि आवाज सितारा कानपुरी यांचा. बांधणीने ही सरळ गझल आहे. 'बरबाद' आणि 'याद' यांचा काफिया (यमक) आणि 'रहेगी' हा रदीफ (यमकानंतर दर वेळी येणारा तोच शब्द). कथेत ते एका दुखावलेल्या स्त्रीचे गाऱ्हाणे आहे. परंतु ती प्रियकराला उद्देशून काही म्हणत नाही, आपल्या गावाविषयी विचारते आणि हे असे किती काळ चालायचे असे विचारते. बेचाळीसचे आंदोलन दडपले गेले होते, बंगालच्या दुष्काळात लाखो माणसे मेली होती, आणि हे शब्द ज्यांनी लिहिले त्यांची ईस्ट इंडिया कंपनीच्या वारसांना उद्देशून लिहिलेली कविता सरकारने काही वर्षांपूर्वीच जप्त केलेली होती. अशा वेळी चित्रपटगृहात बसलेल्या माणसाला 'नगरी' म्हणजे काय हे समजावून सांगावे लागले नसणार. सेन्सॉरला हरकत घेण्याजोगा एकही शब्द त्यात नाही, यातच जोश यांचे कसब दिसते. त्याच चित्रपटासाठी त्यांनी यौवनाच्या उभाराचे एक अतिशय धीट गीतही लिहिले आणि त्यावरून त्यांना बरेच ऐकून घ्यावे लागले, तो भाग वेगळा.

हेच अहमद लाहोरला जाऊन 'रूही' काढतात, तेव्हा काळ कसा होता? डाव्या विचारांचे उर्दू कवी फैज अहमद फैज १९५१ पासून रावळपिंडी कटाच्या, म्हणजे सरकार उलथवण्याच्या कटाच्या, आरोपाखाली तुरुंगात होते. मे १९५४ मध्ये पाकिस्तानचा अमेरिकेशी संरक्षणविषयक करार झाला आणि जुलैमध्ये कम्युनिस्ट पक्षावर बंदी आली. त्याच वर्षी सेन्सॉरने 'रूही'वर बंदी घातली. पाकिस्तानात बंदी घातला गेलेला पहिला चित्रपट म्हणून त्याची नोंद होते. चित्रपट वर्गद्वेष पसरवतो, हा त्यावरचा मुख्य आक्षेप होता. पुण्यात इंग्रजांच्या सेन्सॉरच्या नाकाखालून जे निसटून जात होते ते स्वतंत्र देशाच्या सेन्सॉरने पकडले, असे म्हणता येईल. ज्या निर्मात्याचा नव्या देशातला पहिलाच चित्रपट असा अडकतो त्याच्याकडे वितरक पुढच्या वेळी आगाऊ रक्कम घेऊन येत नाही, आणि त्या काळी चित्रपटाचे भांडवल बव्हंशी त्याच आगाऊ रकमेतून उभे राहत असे. तेव्हा सेन्सॉरचा फटका आणि बाजारपेठेचा फटका हे दोन निराळे पर्याय नव्हेत. एकातून दुसरा आला.

डेक्कनवासी

याच १९५४ सालातली दुसरी एक घटना येथे यायलाच हवी, नाहीतर अहमद फक्त सोसणारे म्हणून उरतील आणि ते त्यांच्यावर अन्याय करणारे होईल. त्या वर्षीच्या जुलैमध्ये भारतीय चित्रपट 'जाल' पश्चिम पाकिस्तानात प्रदर्शित होण्यावरून लाहोरच्या चित्रपटसृष्टीने रस्त्यावर उतरून आंदोलन केले. त्यात नट, नट्या, दिग्दर्शक असे सगळेच होते, अटकाही झाल्या, आणि आंदोलनाच्या अग्रभागी होते डब्ल्यू. झेड. अहमद. त्यातून पुढे 'चित्रपटाच्या बदल्यात चित्रपट' हे धोरण आले. भारताने पाकिस्तानचा एक घ्यावा, तर पाकिस्तान भारताचा एक घेईल. १९६५ च्या युद्धानंतर तर भारतीय चित्रपटांना पाकिस्तानचे दरवाजे पूर्णच बंद झाले, ते चाळीस वर्षे.

आता 'जाल' कोणाचा, ते पाहा. दिग्दर्शक गुरुदत्त, नायक देव आनंद. १९४४ ते १९४६ या काळात, शालिमार भरात असताना, गुरुदत्त त्याच पुण्यात प्रभातच्या नोकरीत नृत्यदिग्दर्शन आणि सहाय्यकाची कामे करीत होते, आणि देव आनंद यांनी प्रभातच्याच 'हम एक हैं' (१९४६) मधून पदार्पण केले. या दोघांची दोस्ती जमली ती पुण्यातच. 'जाल'ची कथाही आपल्या पश्चिम किनाऱ्यावरच्या ख्रिस्ती कोळ्यांच्या वस्तीत घडते. म्हणजे एका पुणेकर निर्मात्याने लाहोरमध्ये ज्या चित्रपटाविरुद्ध मोर्चा काढला तो त्याच्याच शेजारच्या स्टुडिओत उमेदवारी केलेल्या दोन तरुणांचा होता. माझ्या मते फाळणीने चित्रपटव्यवसायाचे काय केले याचे याहून बोलके उदाहरण मिळणे कठीण आहे.

त्यांना या आंदोलनाबद्दल संकुचित ठरवण्याची घाई मात्र करू नये. लाहोरचा व्यवसाय १९४७ च्या दंगलींत होरपळला होता. हिंदू आणि शीख स्टुडिओमालक, भांडवलदार, तंत्रज्ञ निघून गेले होते. रिझवींचे शाहनूर उभे राहिले ते रूप शोरी यांच्या मागे राहिलेल्या स्टुडिओवर. आणि ते शोरी मुंबईत येऊन 'एक थी लड़की' (१९४९) काढत होते. पाकिस्तानचा पहिला चित्रपट 'तेरी याद' ऑगस्ट १९४८ मध्ये आला आणि पडला. वर्षाला हाताच्या बोटांवर मोजण्याइतके चित्रपट काढणाऱ्या त्या उद्योगाला मुंबईच्या झगमगाटाशी त्याच पडद्यावर, त्याच तिकिटाच्या दरात झुंजावे लागत होते. अहमद यांनी हा उद्योग दोन्हीकडून पाहिला होता, म्हणून मुंबईची ताकद त्यांना लाहोरातल्या इतरांपेक्षा अधिक नेमकेपणाने ठाऊक होती.

रीळवाचक

सर्वांचे आभार. 'जाल'चा संदर्भ मला माहीत होता, पण त्यामागचे पुण्याचे धागे कधी जुळवून पाहिले नव्हते. तरीही चिनार आणि डेक्कनवासी या दोघांनाही एक शंका विचारतो. बाजारपेठ आणि सेन्सॉर ही कारणे सर्वांनाच लागू होती. त्याच वर्षांत लाहोरचे दिग्दर्शक अन्वर कमाल पाशा 'गुमनाम' (१९५४) आणि 'कातिल' (१९५५) असे चित्रपट एकामागून एक देत होते आणि ते चालतही होते. भारतीय चित्रपटांना अटकाव झाल्यावर तर १९५६ नंतर लाहोरात निर्मिती जोमाने वाढली. ज्या आंदोलनाचे नेतृत्व अहमद यांनी केले त्याचा लाभ इतरांनी घेतला आणि त्यांनी स्वतः 'वादा'नंतर काहीच केले नाही, याची संगती कशी लावायची? 'वादा' अयशस्वी झाला होता का?

सांजराग

'वादा' अयशस्वी मुळीच झाला नव्हता, उलट तो त्यांच्या कारकिर्दीतला सर्वांत वाखाणलेला चित्रपट ठरावा. सबीहा खानम आणि संतोष कुमार ही त्या काळची लाडकी जोडी त्यात होती. निगार हे पाकिस्तानातले चित्रपट-पुरस्कार १९५७ च्या चित्रपटांसाठी प्रथमच दिले गेले, त्यांत सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचा मान 'वादा'साठी अहमद यांना मिळाला. पाकिस्तानी चित्रपटांच्या इतिहासात या पुरस्काराचा पहिला मानकरी दिग्दर्शक तोच आहे, ज्याच्या आधीच्या चित्रपटावर तीन वर्षांपूर्वी बंदी आली होती.

रशीद अत्रे यांचे संगीत हा या चित्रपटाचा प्राण आहे. सैफुद्दीन सैफ यांची 'जब तेरे शहर से गुज़रता हूँ' ही रचना शराफत अली यांच्या आवाजात आजही ऐकली जाते. तीत नायक प्रेयसीच्या शहरातून जाताना तिच्या बदनामीच्या भीतीने कसा वागतो एवढेच सांगितले आहे. कोठेही आक्रोश नाही, आणि शराफत अलीही आवाज चढवण्याचा मोह टाळतात. 'मन की जीत'मधले गीत आणि हे गीत लागोपाठ ऐकावे, अशी माझी शिफारस आहे. दोन्हींत केंद्रस्थानी एक गाव आणि दोन्हीकडे कवी अव्वल दर्जाचा. म्हणजे जोश दुरावले तेव्हा अहमद यांनी लाहोरात सैफना गाठले. त्यामुळे मुळाकाठ यांचे म्हणणे मला अर्धेच पटते, कारण त्यांना कवी तेथेही मिळाला होता. मात्र एक कवी मिळणे आणि पगारावर बसलेला लेखकवर्ग असणे यांत अंतर आहे, हेही कबूल करावे लागते. सैफ स्वतःच निर्माते होते, त्याच वर्षी त्यांचा स्वतःचा 'सात लाख' आला आणि त्याने सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा निगार पटकावला. लाहोरात लेखक कोणा एका संस्थेचा राहत नव्हता, तो आपापला धंदा पाहत होता.

पाशांशी तुलना केलीत म्हणून सांगतो. पाशांचे बळ वेगात आणि नाट्यमय संवादात होते. ते वितरकाची नाडी ओळखून पुढचा चित्रपट चालू चित्रपट संपण्याआधी ठरवत असत. अहमद यांनी 'रूही' ते 'वादा' यांत तीन वर्षे घेतली. संथ काम करणाऱ्या दिग्दर्शकाला सांभाळणारी संस्था पुण्यात होती, कारण ती त्यांची स्वतःची होती. लाहोरातही त्यांच्या नावाचा डब्ल्यू. झेड. स्टुडिओ होता, परंतु स्टुडिओ म्हणजे भिंती, दिवे आणि भाड्याची आवक. शालिमारमध्ये भिंतींच्या आत जे होते ते पुन्हा जमले नाही.

मुळाकाठ

सांजराग यांनी माझा अर्धा मुद्दा मान्य केला, तेवढ्यावर मी समाधानी आहे. चिनार यांच्या राजकीय कारणालाही माझा विरोध नाही. फक्त क्रम असा लावावा असे सुचवतो: माणसे तुटली १९४७ मध्ये, बंदी आली १९५४ मध्ये, आणि १९५७ मध्ये मान मिळाला तेव्हा बाजारपेठेची चाल त्यांच्या चालीपेक्षा वेगळी झालेली होती. अहमद त्या वेळी जेमतेम बेचाळीस वर्षांचे होते, हे विसरू नये. म्हणजे थांबण्याचे कारण वय नव्हते.

रीळवाचक यांना पुढे वाचायचे असल्यास त्यांनी चित्रपटांच्या इतिहासग्रंथांपेक्षा जोश यांचे आत्मचरित्र आणि मंटो यांनी लिहिलेले नीनाचे व्यक्तिचित्र आधी वाचावे. मंटो मुंबईच्या चित्रपटसृष्टीत स्वतः वावरलेले होते आणि अहमद यांच्याविषयी ते काही सगळेच गोड लिहीत नाहीत. प्रचाराच्या जोरावर नटी कशी घडवली जाते याचे त्यांनी केलेले वर्णन बोचरे आहे, पण शालिमारची हवा कशी होती हे त्यातून जितके कळते तितके आपण येथे लिहिलेल्या सगळ्या प्रतिसादांतून कळणार नाही.